ओस्ट्रावाची अठरा मुलं



रोमा म्हटलं की तंबू, घोडागाडी आणि व्हायोलिन एवढंच डोळ्यांपुढे येतं. हजारेक वर्षांपूर्वी भारतातून निघालेल्या या समाजातली बहुतेक कुटुंबं आज एका जागी स्थिरावलेली आहेत. चेक प्रजासत्ताकातलं ओस्ट्रावा हे कोळशाचं आणि पोलादाचं शहर. चेक भूमीतले बहुतेक रोमा नाझींनी मारले. युद्धानंतर स्लोव्हाकियातल्या खेड्यांतून नवी रोमा कुटुंबं इथे मजुरीला आली.

जुन्या वळणाच्या रोमा घरात सोवळं कडक. भांडी घासायचं भांडं वेगळं, कपडे धुवायचं वेगळं. गल्लत खपत नाही. कुणी वारलं की अंत्यविधीपर्यंत नातलग रात्री जागवतात, गेलेल्या माणसाच्या गोष्टी सांगतात. मुलंही तिथेच बसून ऐकतात.

असं ऐकत वाढलेलं मूल सहा-सात वर्षांचं झालं की त्याची बुद्धी मोजली जाई. चाचणी चेक भाषेत, चेक घरातल्या मुलांवर बेतलेली. मूल अडखळलं की सौम्य मतिमंद असा शेरा बसे आणि रवानगी विशेष शाळेत. तिथला अभ्यास इतका हलका, की पुढच्या शिक्षणाची वाट जवळजवळ बंदच. संमतीच्या कागदावर पालकांची सही असे. पण तिचा परिणाम काय, हे त्यांना कुणी नीट समजावत नसे. शिवाय त्या शाळेत आपली मुलं असतात, कुणी हिणवत नाही. सही करणाऱ्या आईला मी तरी दोष देणार नाही.

ओस्ट्रावातल्या अशा १८ मुलांनी दाद मागितली. शहरातले आकडे जमवले, तेव्हा दिसलं की रोमा मूल विशेष शाळेत जाण्याची शक्यता इतरांच्या २७ पट आहे. देशाच्या घटना न्यायालयाने त्यांना १९९९ मध्ये परत पाठवलं. स्ट्रासबर्गच्या युरोपीय मानवी हक्क न्यायालयातही २००६ साली ती हरली. शेवटी १३ नोव्हेंबर २००७ रोजी तिथल्या मोठ्या पीठाने १३ विरुद्ध ४ मतांनी सांगितलं: हा भेदभाव आहे, आणि पालकांच्या सहीने तो माफ होत नाही. प्रत्येकाला ४,००० युरो मिळाले. तोवर बहुतेकांचं शाळेचं वय उलटलं होतं.

कायद्यातून विशेष शाळा हे नाव तर २००५ पासूनच गेलं होतं. पाट्या बदलल्या, अनेक ठिकाणी वर्ग तेच राहिले. ओस्ट्रावातले काही रोमा पालक मात्र पुढे पहिलीच्या प्रवेशाला एकत्र जमून सर्वसाधारण शाळांत जाऊ लागले, आणि मुलांची नावं तिथेच घाला, असा आग्रह धरू लागले.