युद्ध रणांगणावर, कोंडी घरात

आजऱ्याचे शिवाजी सावंत कोल्हापुरात शिक्षक असताना, १९६७ साली त्यांची महाभारतातल्या कर्णावरची ‘मृत्युंजय’ ही कादंबरी प्रसिद्ध झाली. ती युद्धाची कथा म्हणून वाचली जाते. माझ्या मते ती घरातल्या कोंडमाऱ्याची कादंबरी आहे. पुरावा तिच्या रचनेतच आहे. कर्ण, कुंती, दुर्योधन, वृषाली, शोण आणि श्रीकृष्ण असे सहा जण आपापलं मन उघडं करतात. नुसती लढाईच सांगायची असती, तर कर्णाची पत्नी वृषाली आणि धाकटा भाऊ शोण यांच्या तोंडी निवेदन देण्याची गरजच नव्हती. कुंती ही कर्णाची आई आहे हे सत्य वाचकाला खूप आधी कळतं, कर्णाला मात्र युद्धाच्या तोंडावर. मधल्या सगळ्या वर्षांत जो ताण साचतो, तो शस्त्रांहून खोल जखम करतो.

आक्षेप असा, की सहाही जण एकाच अलंकारिक भाषेत बोलतात; मग हे मनोविश्लेषण कसलं? भाषेपुरता तो मला मान्य आहे. पण माणूस काय लपवतो, यातूनही त्याचं वेगळेपण कळतं. कुंती मातृत्व लपवते, तर कर्ण मनातला सल. जन्मरहस्य समजल्यावरही तो पक्ष बदलत नाही. दुर्योधनाचं ऋण तर आहेच, पण कर्णाच्या लेखी आईवडील म्हणजे त्याला वाढवणारे राधा आणि अधिरथच.