खुब्याची जखम आणि केस पेपर
(शनिवार पेठेतील कार्यकर्त्यांच्या बैठकीत केलेल्या भाषणाचे शब्दांकन)



आजचा विषय कळल्यावर दोघी-तिघींनी मला विचारलं, "दवाखान्यातल्या कोडशी आपला काय संबंध? ते रेकॉर्ड खात्याचं काम." संबंध आहे, आणि तो नुकसानभरपाईशी आहे, सरकारी आकडेवारीशी आहे. म्हणून थोडी आकडेमोड सहन करा.

जागतिक आरोग्य संघटनेची रोगांची एक आंतरराष्ट्रीय यादी आहे. तिची दहावी आवृत्ती १९९० साली मंजूर झाली. अकरावी २०२२ पासून लागू झाली असली, तरी मी ज्या रुग्णालयांत जाते तिथे दहावीच वापरात आहे. या यादीत प्रत्येक आजाराला आणि जखमेला एक कोड असतो. खुब्याजवळ मांडीच्या हाडाची मान मोडली तर एस ७२.०, खुबा निखळला तर एस ७३.०. पण जखम कशी झाली, हे या कोडवरून कळत नाही. त्यासाठी दुसरा कोड जोडायचा असतो. जिन्यावरून पडली तर डब्ल्यू १०. नुसतंच 'पडली' लिहिलं तर डब्ल्यू १९. हे दोन्ही अपघात. नवऱ्याने मारलं, छळलं तर वाय ०७.०. म्हणजे नवऱ्याच्या मारहाणीला यादीत जागा आहे. ती भरली मात्र क्वचितच जाते.

का? कोड टाकणारा कर्मचारी बाईला पाहत नाही. त्याच्यापुढे फक्त केस पेपर असतो. केस पेपरवर डॉक्टरांनी लिहिलेलं असतं ते बाईने सांगितलेलं. आणि बाई सांगते तेव्हा तिला घेऊन आलेला नवरा नाहीतर सासू खाटेशी उभी असते. आपल्या या पेठांमधले जुने वाडे तुम्हाला माहीतच आहेत. अरुंद लाकडी जिना, अंधार, धरायला एक दोर. तिथे माणसं खरोखरच पडतात. त्यामुळे "जिन्यावरून पडले" म्हटलं की कोणालाच शंका येत नाही.

माझ्याकडे आलेल्या एका बाईंचं सांगते. चार घरी पोळ्या करायच्या. नवऱ्याने जिन्यात ढकललं, खुब्याचं हाड मोडलं. कागदावर आलं, 'जिन्यावरून पडून'. ऑपरेशन झालं, स्क्रू बसले, बाई घरी गेल्या. दुसऱ्या वर्षी दुखणं पुन्हा सुरू झालं. मांडीच्या हाडाच्या गोल डोक्याला रक्त पुरवणाऱ्या वाहिन्या त्या मानेवरूनच वर जातात. मोडीत त्या तुटल्या तर डोकं हळूहळू मरतं, कधी काही महिन्यांनी, कधी दोन-तीन वर्षांनी. यादीत त्याला एम ८७.२ म्हणतात. काहींना सांध्याची झीज होते, काहींचा पाय आखूड होतो. आज जे दुखतंय त्याचा कोड आधी, आणि ते जुन्या मोडीतून आलं हे सांगायला टी ९३.१ सोबत. जखमेला वर्ष उलटल्यावरही जे उरलं, ते 'मागाहूनचे परिणाम' धरावं असा यादीचा नियम आहे. इथेही कारणाचा कोड लागतो. अपघाताचे परिणाम असतील तर वाय ८६, मारहाणीचे असतील तर वाय ८७.१. यातला कुठला लागणार, हे पहिल्या रात्रीच्या त्या दोन शब्दांनी ठरवून टाकलं होतं.

या बाईंना खाली बसून कणीक मळता येईना. वाड्यातल्या सामाईक संडासात उकिडवं बसता येईना. चारातली तीन घरं सुटली. मग त्यांनी अर्ज करायचं ठरवलं. कौटुंबिक हिंसाचाराविरुद्धच्या २००५ च्या कायद्यात, कलम २० खाली, औषधपाण्याचा खर्च आणि बुडालेली कमाई मागता येते. पण वकीलबाईंनी पहिला प्रश्न विचारला, "हा पाय त्या मारामुळे असा झाला, हे कुठे लिहिलंय?" लिहिलेलं होतं ते जिन्याचं. बाईंचा शब्द पुरावा असतोच, पण तिच्याच नावाचा कागद तिच्याविरुद्ध बोलत होता.

अपंगत्वाच्या दाखल्याचंही समजून घ्या. २०१६ च्या कायद्यात बऱ्याचशा सवलतींसाठी किमान ४० टक्के अपंगत्व लागतं. ते टक्के सांधा किती वळतो, ताकद किती उरली, यावर काढतात. पोळ्या लाटून जगणारीचं काय गेलं, हे त्यात दिसत नाही. रस्ते अपघाताच्या भरपाईबाबत राजकुमार विरुद्ध अजयकुमार या खटल्यात २०१० साली सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं, की अवयवाचे टक्के म्हणजेच कमाईच्या नुकसानीचे टक्के नव्हेत, माणूस काय काम करतो ते पाहिलं पाहिजे. हा मुद्दा आपणही आपल्या अर्जांत मांडायला हवा.

म्हाताऱ्या बायकांना विसरू नका. सत्तरीच्या बाईचा खुबा मोडला की "हाडं ठिसूळ झालीत" म्हणून विषय संपतो. मुलाने हिसका दिला का, हे विचारायचं कोणाच्या मनातही येत नाही.

मुंबईत सेहत संस्था आणि महापालिका यांनी २००० च्या सुमारास वांद्र्याच्या भाभा रुग्णालयात 'दिलासा' केंद्र सुरू केलं. तिथे रुग्णालयातच समुपदेशक आहेत. बाईला बाजूला घेऊन, एकटीला विचारायचं, हे तिथल्या डॉक्टरांना आणि परिचारिकांना शिकवलं गेलं. विचारणारं माणूस भेटलं की बाई बोलते, हा त्या कामाचा धडा आहे.

आपण काय करायचं? बाईला दवाखान्यात नेताना सोबत आपल्यातली एक जण असू द्या आणि डॉक्टरांशी एकटीने बोलायला मिळावं असा आग्रह धरा. ती सांगेल ते तिच्या शब्दांत, कोणी आणि कशाने मारलं त्यासह, लिहून घ्यायला लावा. हाड मोडणं किंवा निखळणं ही कायद्याने गंभीर दुखापत आहे, पूर्वी दंड संहितेच्या कलम ३२० प्रमाणे, आता न्याय संहितेच्या कलम ११६ प्रमाणे. कागदांच्या प्रती लगेच मागा. डॉक्टरांसाठीच्या २००२ च्या नियमावलीप्रमाणे मागितल्यावर ७२ तासांत कागद द्यावे लागतात, पण भरती रुग्णाचे कागद जपण्याचं बंधन तीनच वर्षांचं आहे. खुबा चौथ्या वर्षीही बिघडू शकतो! पुढे तपासणीला गेल्यावर 'अमुक तारखेच्या जखमेचा परिणाम' एवढी ओळ डॉक्टरांकडून लिहून घ्या.

एक मात्र सांभाळा. बाईला रात्री त्याच घरात परत जायचं असतं. कारण सांगायचं की नाही, हे तिनेच ठरवायचं. आपल्या आकडेवारीसाठी तिचा जीव धोक्यात घालायचा नाही. ती आज बोलली नाही, तर ती बोलेपर्यंत निदान कागद तरी तिच्या हाती, सुरक्षित जागी ठेवू.

पुढच्या बैठकीला येताना आपापल्या केंद्रातल्या जुन्या फायली काढून आणा. पाय, खुबा, मांडी मोडलेल्या बायकांचे केस पेपर वेगळे करू, आणि बाईने आपल्याला काय सांगितलं होतं व दवाखान्यात काय लिहिलं गेलं, हे शेजारी शेजारी मांडू. ते कागद घेऊन आपण रुग्णालयांच्या अधीक्षकांना भेटायला जाणार आहोत.