काळ विणणाऱ्यांची परीक्षा

आज काशीहून बोलतोय, मुन्शी घाटाच्या पायऱ्यांवरून. मध्येच होड्यांचा आवाज येईल, तेवढा चालवून घ्या. नदीकडे तोंड केलं की माझ्या डावीकडे अहिल्याबाई घाट, उजवीकडे दरभंगा घाट. मी बसलोय तो घाट नागपूर दरबारातले मंत्री श्रीधर नारायण मुन्शी यांच्या नावाचा. म्हणजे आपल्याच माणसांच्या अंगणात बसलोय म्हणा ना.

मी सैन्यात सिग्नल्समध्ये होतो. निरोप पोहोचवणं हेच माझं आयुष्यभराचं काम. निघताना माझ्या बारा वर्षांच्या नातीने मला एक गोष्ट सांगितली. एका काल्पनिक नगरात काळ विणणाऱ्यांचा संघ असतो. त्यात शिरायचं तर जीवघेण्या परीक्षा द्याव्या लागतात. एक धागा चुकला की पुढची शंभर वर्षं चुकतात. तिने विचारलं, "आजोबा, असं खरंच कुणी असतं का?" मी हसलो. काल रात्री तिला फोन केला आणि म्हटलं, "असतात गं. मी आज बघून आलो."

काय बघितलं ते सांगतो. इथून उत्तरेला ब्रह्मा घाट, दुर्गा घाटाच्या गल्ल्यांत मराठी घरं पिढ्यान् पिढ्या आहेत. १६७४ साली रायगडावर शिवरायांचा राज्याभिषेक करणारे गागाभट्ट काशीचेच. अशाच एका घरी ओळखीने गेलो होतो. सोळा-सतरा वर्षांचा एक मुलगा गुरुजींसमोर बसून घनपाठ म्हणत होता. समोर पुस्तक नाही.

घनपाठ म्हणजे काय, ते आपल्या साध्या शब्दांत दाखवतो. तीन शब्द घ्या: नाव, घाट, पाणी. आता ऐका. नाव घाट, घाट नाव, नाव घाट पाणी, पाणी घाट नाव, नाव घाट पाणी. तेरा उच्चार झाले. आणि पुढे किती सरकलो? फक्त एक शब्द. आता 'घाट'पासून पुन्हा तेच. एकदा पुढे, एकदा मागे, मागावर धोटा फिरतो तसं. या पाठांची नावंसुद्धा बघा: जटा, माला, शिखा, रेखा, ध्वज, दंड, रथ, घन. जटा म्हणजे सरळ वेणीच.

त्यात संस्कृतात शब्द उलटे केले की संधी बदलतात. शिवाय प्रत्येक अक्षराचा स्वर वेगळा: उदात्त, अनुदात्त, स्वरित. परीक्षक मधलाच एखादा शब्द देतात आणि उमेदवाराने तिथून पुढे म्हणायचं. या तयारीत आठ-दहा वर्षं सहज जातात. २०२५ साली इथेच काशीत अहिल्यानगरच्या देवव्रत महेश रेखे या एकोणीस वर्षांच्या तरुणाने शुक्ल यजुर्वेदाच्या सुमारे २००० मंत्रांचं दंडक्रम पारायण पूर्ण केलं. सलग ५० दिवस चाललं होतं ते.

हे सगळं कशासाठी? सिग्नल्सवाल्याला चटकन कळतं. एखादा शब्द गळला किंवा शेजाऱ्याशी जागा बदलून बसला, तर उलट येताना वीण जुळत नाही. चूक तिथेच पकडली जाते. आम्ही वायरलेसवर हेच करायचो. निरोप घेणाऱ्याने तो परत म्हणून दाखवायचा, देणाऱ्याने 'बरोबर' म्हणायचं, मगच संभाषण संपवायचं. आमचा निरोप दोन डोंगर ओलांडून जायचा. यांचा निरोप न जन्मलेल्या माणसांपर्यंत जायचा असतो.

आता एक गोष्ट, जी मी फारशी कुणाला सांगितलेली नाही. लेफ्टनंट असताना एका बर्फाळ चौकीवरून मी गस्ती तुकडीला नकाशावरची जागा कळवली. वायरलेसवर खरखर होती, बॅटरी उतरत होती. निरोप परत म्हणून घेतला नाही. पलीकडे 'सात'चं 'आठ' ऐकलं गेलं. नकाशावर एका घराचा फरक, जमिनीवर एक किलोमीटर. तुकडी भलत्याच नाल्यात उतरली, रात्र तिथेच काढावी लागली. एका जवानाच्या पायाची दोन बोटं गेली. चौकशीत हवामानाचं कारण लागलं. मी गप्प बसलो.

काल तो मुलगा म्हणता म्हणता एकाएकी थांबला. गुरुजींनी डोळे उघडले नव्हते, मला तर काहीच कळलं नव्हतं. तो म्हणाला, "स्वर चुकला," आणि स्वतःहून मागे जाऊन पहिल्यापासून सुरू केलं. मी बाहेर आल्यावर गुरुजींना विचारलं, "तुमच्या लक्षात आलं होतं?" ते म्हणाले, "आलं होतं. त्याच्या येतं का, ते बघत होतो."

मंडळी, परीक्षा ती होती. पाठांतर तर हवंच. पण कुणी पकडलेलं नसताना 'चुकलो' म्हणणं, हे त्याला सोळाव्या वर्षी जमलं. मला अजून जमायचं होतं. म्हणून आज तुमच्यासमोर सांगून टाकलं. त्या जवानाला मी कालच पत्रही लिहिलंय. चाळीस वर्षं उशिरा.

एक गोष्ट मात्र झाकून ठेवू नये. या विद्येची दारं शतकानुशतकं बहुतेकांना बंद होती. बायकांना तर होतीच, इतर जातींनाही होती. ते योग्य नव्हतं. पण त्याच बायकांनी पहाटे जात्यावर बसून आपलं वेगळं वस्त्र विणलं. हेमा राईरकर आणि गी प्वातवँ यांनी महाराष्ट्रातल्या खेड्यापाड्यांतून एक लाखाहून अधिक ओव्या जमवल्या. त्या बायकांची परीक्षा कुणी घेतली नव्हती, प्रमाणपत्र कुणी दिलं नव्हतं. आईने म्हटलं, लेकीने परत म्हटलं, एवढंच.

तेव्हा तुम्ही बेळगावात असा, बडोद्यात असा नाहीतर इंदुरात, एक काम करा. घरातल्या सगळ्यात मोठ्या माणसापाशी बसा. एखादी ओवी, एखादी आरती, गावाकडच्या विहिरीची गोष्ट, काहीही चालेल. ऐका आणि त्यांच्यासमोर परत म्हणून दाखवा. फोनवर रेकॉर्ड जरूर करा, पण परत म्हणून दाखवा. त्यांनी 'बरोबर' म्हटल्याशिवाय उठू नका.

मी आज रात्री नातीला फोन करणार आहे. माझ्या आजीची एक ओवी तिला द्यायची आहे. दुसऱ्या ओळीत मी नेहमी अडखळतो, तेही तिला आधीच सांगून ठेवीन.

जय हिंद.