वीस सेकंदांचा शोध



"तू सिनेमात आहेस म्हणे, पण पडद्यावर कधी दिसत नाहीस!" असं सकाळपासून चौघांनी तरी ऐकवलं. दिसणार नाहीच. मी माहितीपटांसाठी जुनं चित्रण शोधून देते. दिग्दर्शक म्हणतो, "१९५५ च्या आसपासची मुंबई हवी, वीस सेकंद." त्या वीस सेकंदांसाठी कधी दोन महिने जातात.

थिएटरात सिनेमाआधी समाचारचित्र लागायचं, आठवतं? ते बनवणारी फिल्म्स डिव्हिजन १९४८ ची. तिचा साठा हे आमचं पहिलं ठिकाण. दुसरं, १९६४ मध्ये पुण्यात सुरू झालेलं राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय. फिल्म सापडली की तारीख पडताळायची. डब्यावरच्या चिठ्ठीवर विसंबायचं नाही, चित्रातच बघायचं. मुंबईच्या रस्त्यावर ट्राम धावताना दिसली, तर चित्रण ३१ मार्च १९६४ नंतरचं असूच शकत नाही. त्या दिवशी शेवटची ट्राम धावली. मग हक्कांचा प्रश्न. फिल्म ज्याच्या कपाटात, हक्क त्याचाच असं नसतं. आपल्या कायद्यात चित्रपटाचा हक्क प्रदर्शनानंतर ६० वर्षं टिकतो. तोवर मालकाची परवानगी घ्यायची आणि बहुतेकदा सेकंदांच्या हिशेबाने पैसे मोजायचे.

काही गोष्टी मात्र कितीही शोधा, मिळत नाहीत. पहिला बोलपट 'आलम आरा' १९३१ चा; त्याची एकही प्रत उरलेली नाही. दादासाहेब फाळक्यांच्या 'राजा हरिश्चंद्र'चाही काही भागच शिल्लक आहे. जुनी नायट्रेटची फिल्म पेट घ्यायची. नंतरची ॲसिटेटची सडते. डबा उघडला की व्हिनेगरचा वास येतो. कित्येक फिल्मा तर त्यातल्या चांदीसाठी विकल्या गेल्या.

हे आज सांगण्याचं कारण आपलंच आहे. शाळेच्या स्नेहसंमेलनांच्या व्हिडिओ कॅसेट तुमच्यापैकी कोणाच्या तरी माळ्यावर नक्की आहेत. त्यांना बुरशी लागते आणि व्हीसीआर बनवणं तर २०१६ लाच थांबलं. आज हयात नसलेल्या आपल्या बाईंचा आवाज कदाचित फक्त त्या फितीतच असेल. म्हणून त्या फेकू नका, घरी चालवूनही बघू नका. दिवाळीपर्यंत माझ्याकडे पोचवा. डिजिटल प्रती मी करून आणते. नाटकात राजा कोण, भालदार कोण, वर्ष कोणतं, ते मात्र आपण सगळ्यांनी बसून लिहू. ते सांगू शकणारी माणसं आज याच सभागृहात आहेत.