गिरणी कुणाच्या नावे?

(किन्हीराजा येथे महिलांच्या बैठकीत केलेले भाषण)

मैत्रिणींनो, रेमंडचं कापड आपण आहेरात देतो. त्या घरातलं भांडण २०२३ साली पेपरात आलं. गौतम सिंघानिया आणि नवाज मोदी वेगळे झाले. २०२४ मध्ये समूहाच्या तीन खाजगी कंपन्यांनी नवाजबाईंना संचालकपदावरून काढलं. संचालकपद म्हणजे खुर्ची. भागधारकांच्या साध्या बहुमतानं ती जाते. मालकी शेअर ज्यांच्या नावे, त्यांची.

तिथं ही गत, मग आपलं काय? पिठाची गिरणी चालवते बाई. पण मीटर, कर्ज, बँकेचं खातं सगळं नवऱ्याच्या नावे. भांडण कोर्टात गेलं की पोटगी मागता येते, पण वीस वर्षं पीठ दळलं म्हणून गिरणीत वाटा मिळत नाही. गोव्यात वेगळा करार न करता लग्न झालं तर मिळकत सहसा दोघांची निम्मी-निम्मी. आपल्याकडे तसा कायदा नाही.

२००५ च्या कौटुंबिक हिंसाचार कायद्यात मात्र नवऱ्यानं मिळकत परस्पर विकू नये, असा मनाई हुकूम मागता येतो. तो वेळेवर मागा. भागीदारीपत्र करायचं तर आजच, गोडीत असतानाच. आणि गिरणीसाठी दागिने मोडले असतील तर सोनाराची पावती जपा. नवऱ्याच्या पेटीत नको, माहेरी ठेवा.