पडद्यावरचे जॉर्ज आणि पडद्याबाहेरचे आपण
(शाखेच्या सभेत केलेल्या भाषणाचा मजकूर)

साथींनो,

२९ जानेवारी २०१९ रोजी जॉर्ज फर्नांडिस गेले. त्या दिवशी टी.व्ही.वर बेडी घातलेला हात उंचावलेला त्यांचा फोटो पुन्हापुन्हा दाखवत होते. आमच्या काही तरुण सभासदांनी विचारले, "हा रेल्वे संपातला ना?" नाही. तो १९७६ चा, बडोदा डायनामाइट खटल्याच्या वेळचा. आपला संप १९७४ चा.

८ मे १९७४ रोजी संप सुरू झाला आणि २७ मेला मागे घ्यावा लागला. सुमारे १७ लाख रेल्वे कामगार त्यात होते. पण जॉर्जना २ मेलाच लखनौला अटक झाली होती. म्हणजे संपाचे वीसही दिवस नेता तुरुंगात होता. मग संप चालवला कोणी? गँगमनने, फायरमनने, केबिनमनने. क्वार्टरमधून सामानासकट बाहेर काढल्या गेलेल्या त्यांच्या बायकापोरांनी.

यांचे चित्रण आज किती सापडते? दूरदर्शन तेव्हा आकाशवाणीचाच भाग होते. मुंबई केंद्र १९७२ साली सुरू झालेले. थिएटरात सिनेमाआधी दाखवला जाणारा वृत्तपटही फिल्म्स डिव्हिजनचा. कॅमेरा सरकारचा आणि संप सरकारविरुद्ध. आपल्या बाजूने चित्र कोण काढणार?

पुढचे जॉर्ज मात्र पडद्यावर भरपूर आहेत. १९८९-९० मधले रेल्वेमंत्री, कोकण रेल्वेचा पाठपुरावा करणारे. नंतर सियाचेनला जाणारे संरक्षणमंत्री. २००१ मध्ये तहलकाच्या छुप्या चित्रणानंतर राजीनामा देणारेही तेच. त्यांच्या नंतरच्या राजकारणाबद्दल आपल्यात मतभेद आहेत आणि ते राहू द्यावेत. पण १९७४ चा संप एका माणसाच्या चेहऱ्यात संपवू नये.

रेल्वे कामगारांना १९७९ साली बोनस मिळाला. दरवर्षी दसऱ्याच्या सुमारास आपण तो घेतो. तो ज्यांच्या नोकरीतल्या खंडावर उभा आहे, ते तेव्हा विशीत होते. आज सत्तरी ओलांडून गेले आहेत. आम्ही तर त्या वेळी लहान मुले होतो. आम्हाला हे सारे त्यांच्याच तोंडून कळले.

म्हणून आमची सूचना अशी. प्रत्येक शाखेने आपल्या भागातल्या संपकऱ्यांच्या घरी जावे. मोबाइल सगळ्यांच्या खिशात आहे. त्यांचे बोलणे नाव-गाव-हुद्द्यासह टिपून घ्यावे. बडतर्फीची नोटीस, जुना फोटो, जे असेल त्याची प्रत करावी. पोस्टातल्या साथींनीही १९ सप्टेंबर १९६८ च्या संपासाठी हेच करावे.

आता कॅमेरा आपल्या हातात आहे. उशीर झाला तर दोष सरकारला देता येणार नाही.

कामगार एकजुटीचा विजय असो!