हसू कोणावर?



१९८९ साली दूरदर्शनवर जसपाल भट्टी यांचा 'फ्लॉप शो' लागायचा. आमचं हट्टा तेव्हा परभणी जिल्ह्यात होतं. हिंगोली जिल्हा झाला १९९९ मध्ये. गावात टीव्ही मोजके. शेजाऱ्यांच्या ओसरीवर दाटीवाटीनं बसून आम्ही तो पाहायचो. भाषा हिंदी, माणसं पंजाबकडची. तरी सगळं ओळखीचं वाटे. औषधाची खोटी बिलं लावणारा नोकरदार, पीएच.डी.च्या विद्यार्थ्याला घरकामाला जुंपणारा प्राध्यापक. आणि ही लबाड माणसं रंगवायचे स्वतः भट्टीच! चिमटा आधी स्वतःला, मग जगाला.

ही रीत मराठवाड्याला नवी नाही. पैठणच्या एकनाथांच्या भारुडांत सोंगं आहेतच. त्यांच्या 'हिंदू-तुर्क संवादा'त तर दोघं एकमेकांच्या धर्माचाराची यथेच्छ टर उडवतात आणि शेवटी गळ्यात गळा घालतात. हे लिहून चारशेंहून अधिक वर्षं झाली. त्यातले माझ्या बाजूला बसलेले टोमणे मला बोचत नाहीत, कारण लिहिणाऱ्यानं स्वतःचीही बाजू सोडलेली नाही.

२०१४ मध्ये सुरू झालेल्या 'चला हवा येऊ द्या'त भारत गणेशपुरे वऱ्हाडी बोलले. ते अमरावतीकडचे, बोली त्यांची स्वतःची. त्यामुळे हसू यायचं ते प्रसंगाचं. त्याच मंचावर सागर कारंडे पोस्टमन होऊन अरविंद जगतापांची पत्रं वाचायचे, तेव्हा हसणारी माणसं डोळे पुसायची.

पण सगळंच असं नसतं. मध्यंतरी एका प्रहसनात खेड्यातला माणूस नुसतं 'करायलो' म्हणाला आणि हशा उसळला. पुढं विनोद काही नव्हताच. माझी सात वर्षांची नात म्हणाली, "नाना, आपून बी असंच बोलतो. ह्यात हसायसारखं काय हाय?"

हसायसारखं पुष्कळ आहे, श्रोतेहो. 'सर्व्हर डाऊन' म्हणून पीकविम्याच्या अर्जासाठी तीन हेलपाटे घालणारा शेतकरी पाहा. हयातीचा दाखला मिळावा म्हणून यंत्रावर झिजलेला अंगठा पुन्हा पुन्हा दाबणारी म्हातारी पाहा. समोर उभी असून ती जिवंत असल्याचं यंत्राला पटत नाही! पण हसायचं ते यंत्राला. तिच्या अंगठ्याला नाही, तिच्या बोलीला तर नाहीच.

नातीला मी एवढंच म्हणालो, "बाई, हसायसारखं जे हाय, ते लिहिणाराला घावलं नसंल."